जंजिरा : बेट की किल्ला?
(रायगड किनाऱ्यावरील बेटांच्या इतिहासलेखनाची चिकित्सा)

प्रास्ताविक

मुरूडचा जंजिरा, त्याच्या वायव्येस कांसा खडकावर उभारलेला पद्मदुर्ग, थळसमोरील खांदेरी व उंदेरी, अलिबागचा कुलाबा आणि मुंबई बंदराच्या कुशीतील घारापुरी या रायगड जिल्ह्यातील बेटांविषयी मराठीत विपुल लेखन झाले आहे. तथापि हे लेखन सलग वाचू लागले असता एक गोष्ट प्रकर्षाने जाणवते. त्यातील फारच थोडे लेखन बेटांविषयी आहे. उरलेले किल्ल्यांविषयी, लढायांविषयी किंवा लेण्यांविषयी आहे, आणि बेट त्यात केवळ रंगभूमीच्या फळ्यांसारखे पायाखाली असते.

याचा पहिला पुरावा भाषेतच सापडतो. ‘जझीरा’ या अरबी शब्दाचा अर्थ बेट. मराठीत तो ‘जंजिरा’ झाला आणि होता होता त्याचा अर्थच पालटला. जंजिरे सिंधुदुर्ग, जंजिरे अर्नाळा असे आपण म्हणतो, तेव्हा आपल्याला पाण्याने वेढलेली भूमी अभिप्रेत नसते. पाण्याने वेढलेला तट अभिप्रेत असतो. बेटाचा वाचक शब्द किल्ल्याचा वाचक व्हावा, हा केवळ शब्दार्थाचा योगायोग नव्हे. बेटाकडे आपण कोठून पाहतो, हे त्यातून कळते. आपण किनाऱ्यावरून पाहतो, आणि तेही बहुधा ते जिंकता येईल काय, या प्रश्नाने.

प्रस्तुत लेखात या दृष्टीची चिकित्सा करण्यासाठी पॅसिफिक महासागरातील एका विचारवंताचा आधार घेतला आहे. हा आधार काहींना दूरचा वाटेल. ओशिॲनिया हा विषय आपल्या पदवी अभ्यासक्रमात प्रादेशिक भूगोलाच्या एखाद्या प्रकरणात येतो, तोही राजधान्या, खोबरे, फॉस्फेट व प्रवाळद्वीपे यांच्या यादीच्या रूपाने. परंतु बेटांविषयी विचार कसा करावा, हा प्रश्न गेल्या काही दशकांत जितक्या निकराने तेथे विचारला गेला, तितका अन्यत्र क्वचितच विचारला गेला असेल.

हाऊओफा यांची मांडणी

एपेली हाऊओफा (१९३९–२००९) यांचा जन्म पापुआमध्ये टोंगन मिशनरी दांपत्याच्या पोटी झाला. मानववंशशास्त्राचे शिक्षण घेतल्यावर त्यांनी फिजीतील सुवा येथील दक्षिण पॅसिफिक विद्यापीठात दीर्घकाळ अध्यापन केले. १९९३ मध्ये त्यांचा ‘आवर सी ऑफ आयलंड्स’ हा निबंध प्रसिद्ध झाला. त्यामागचा प्रसंग अध्यापकांनी लक्षात ठेवावा असा आहे. पॅसिफिकमधील राष्ट्रे लहान, विखुरलेली, साधनहीन व परावलंबी आहेत, हे तत्कालीन अर्थशास्त्राचे प्रमेय ते स्वतःच वर्गात शिकवीत असत. आणि ते ऐकताना त्याच बेटांवरून आलेल्या विद्यार्थ्यांचे चेहरे पडलेले त्यांना दिसत. आपण शिकवतो ते या मुलांना त्यांच्याच घराविषयी हताश करणारे आहे, या जाणिवेतून निबंधाचा आरंभ होतो.

त्यांचे प्रतिपादन थोडक्यात असे. दूरच्या समुद्रात पडलेली बेटे, असे म्हटले की नजर कोरड्या जमिनीवर राहते आणि जमीन अर्थातच लहान दिसते. बेटांनी गजबजलेला समुद्र, असे म्हटले की समुद्रही घराचा भाग होतो आणि तेच जग विशाल दिसू लागते. ओशिॲनियाचे पूर्वज दुसऱ्या प्रकारे पाहत असत. नौकानयन, सोयरीक, देवाणघेवाण व वैर यांनी बेटे एकमेकांना बांधलेली होती. वसाहतकाळात सीमा आखल्या गेल्या आणि तेव्हाच ही बेटे ‘लहान’ झाली. हा केवळ कवितेचा मामला नाही. किरिबाटी या राष्ट्राची जमीन सुमारे ८११ चौरस किलोमीटर, म्हणजे रायगड जिल्ह्याच्या जेमतेम नवव्या भागाएवढी. पण १९८२ च्या समुद्रविषयक आंतरराष्ट्रीय करारानुसार त्याचे अनन्य आर्थिक क्षेत्र सुमारे ३५ लाख चौरस किलोमीटर भरते, ते भारताच्या क्षेत्राहून मोठे आहे. लहान कोण आणि मोठे कोण, हे मोजपट्टी कोठे ठेवली यावर ठरते.

‘अजिंक्य’ या विशेषणाची अडचण

ही मोजपट्टी जंजिऱ्याला लावून पाहू. जंजिऱ्यावरील मराठी लेखनाचा केंद्रबिंदू ‘अजिंक्य’ हे एकच विशेषण आहे. शिवाजी महाराजांनी प्रयत्न केले, संभाजी महाराजांनी केले, आंग्र्यांनी व पेशव्यांनी केले. किल्ला पडला नाही. का पडला नाही? उत्तरादाखल तटाची उंची, बुरुजांची रचना, तोफांची संख्या, कलालबांगडी तोफेचा पल्ला आणि आतील गोड्या पाण्याचे तलाव यांची वर्णने येतात. ही उत्तरे चुकीची नाहीत, पण ती सर्व तटाच्या आतील आहेत. जणू बेट एकटेच समुद्रात उभे होते आणि स्वतःच्या दगडांच्या बळावर टिकले.

वस्तुस्थिती निराळी आहे. १६७० च्या दशकापासून सिद्दींच्या आरमाराला मोगलांचा आश्रय होता व त्याचा पैसा सुरतेहून येत असे. पावसाळ्यात हे आरमार अनेकदा मुंबईच्या बंदरात येऊन राही. इंग्रजांना ते अप्रिय होते, तरी मोगलांची व सुरतेच्या व्यापाराची भीती असल्याने नकार देणे त्यांना जड जाई. १६८९ मध्ये तर सिद्दी याकूतखानाने मुंबई बेटावरच स्वारी करून इंग्रजांना किल्ल्यात कोंडले. काठेवाडातील जाफराबाद दीर्घकाळ जंजिऱ्याच्या सत्तेखाली होते, आणि १७९१ मध्ये सुरतेजवळ सचीन संस्थान स्थापन झाले ते याच घराण्याच्या एका शाखेचे. म्हणजे ज्याला आपण राजपुरीच्या खाडीच्या मुखावरील एक खडक समजतो, ते सुरत, मुंबई, जाफराबाद व राजपुरी अशा जाळ्यातील एक गाठ होते. गाठ एका ठिकाणी कितीही ओढली तरी सुटत नाही, कारण धागे दुसरीकडे बांधलेले असतात. जंजिरा न पडण्याचे कारण तटाइतकेच या धाग्यांत शोधावयास हवे.

या दृष्टीने पाहता, जंजिऱ्यासमोर योजिलेल्या दोन उपायांतील फरक मोठा उद्‌बोधक ठरतो. १६८२ मध्ये संभाजी महाराजांच्या काळात किनारा व किल्ला यांमधील पाण्यात भराव घालून वाट करण्याचा प्रयत्न झाला. हा बेटाचे बेटपणच नष्ट करण्याचा, त्याला जमीन करण्याचा उपाय होता. त्यापूर्वी शिवाजी महाराजांनी कांशाच्या खडकावर पद्मदुर्ग उभारला तो बेटाला बेटाने उत्तर देण्याचा उपाय होता. जानेवारी १६७५ मध्ये प्रभावळीच्या सुभेदारास, पद्मदुर्गासाठी रसद व पैसा वेळेवर न पोहोचल्याबद्दल, महाराजांनी लिहिलेले कठोर पत्र प्रसिद्धच आहे. ते पत्र आपण महाराजांच्या प्रशासकीय करडेपणाचे उदाहरण म्हणून उद्धृत करतो. परंतु बेटावरचे बांधकाम किनाऱ्याच्या रसदीवर जगते, आणि रसद चुकली की बेट खरोखरच एकटे पडते, हे भौगोलिक भान त्या पत्रात किती तीव्र आहे, याकडे लक्ष वेधलेले सहसा आढळत नाही. खांदेरीबाबत हेच दिसते. १६७९ मध्ये मराठ्यांनी खांदेरीवर बांधकाम सुरू करताच इंग्रजी गलबतांनी कोंडी केली. आणि १६८० च्या आरंभी सिद्दीने शेजारच्या उंदेरीचा ताबा घेतला. एक बेट घेतले की दुसरे घ्यावे लागते. सतराव्या शतकातील दर्यावर्दी पुरुषांना जे उघड होते, ते विसाव्या शतकातील लेखनात हरवले, असे म्हणावे लागते.

सरसकट दोषारोप करणे मात्र अन्यायाचे होईल. भा. कृ. आपटे यांच्या १९७३ मधील मराठा आरमारावरील इंग्रजी ग्रंथात व्यापारी जहाजांनाही स्थान आहे, आणि पां. स. पिसुर्लेंकरांच्या ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ (१९६७) या ग्रंथाने गोव्याच्या दप्तरातील साधने मराठी वाचकांपुढे आणल्यामुळे या किनाऱ्याचे तिसरे टोक दिसू लागले. अडचण अशी की, पुढील लेखकांनी या ग्रंथांतील लढाया उचलल्या. गुराबा-गलबतांचे लाकूड, खलाशी, बंदरे यांचा तपशील तेथेच राहिला.

नावे आणि रंग

जंजिरा संस्थानाचे दुसरे नाव ‘हबसाण’ होते. १८८३ च्या कुलाबा-जंजिरा गॅझेटिअरनेही ते नोंदविले आहे. हबशांचा मुलूख, असा त्याचा सरळ अर्थ. वास्तविक मुरूड, म्हसळा व श्रीवर्धन मिळून झालेल्या या मुलखातील बहुसंख्य प्रजा कुणबी, आगरी, कोळी, भंडारी, कोकणी मुसलमान, ब्राह्मण अशी होती; सिद्दी हे मूठभर सत्ताधारी. पेशव्यांचे भट घराणे याच मुलखातले, श्रीवर्धनचे. तरीही प्रदेशाला नाव मिळाले ते राज्यकर्त्यांच्या वंशावरून.

ओशिॲनियाच्या भूगोलात याला एक समांतर आहे. द्युमाँ द्युर्व्हिल या फ्रेंच नौदल अधिकाऱ्याने १८३२ मध्ये पॅसिफिकची जी विभागणी प्रसिद्ध केली, तीत पॉलिनेशिया म्हणजे अनेक बेटे व मायक्रोनेशिया म्हणजे लहान बेटे. पण मेलानेशिया म्हणजे काळी बेटे. दोन नावे भूमीवरून आणि तिसरे माणसांच्या कातडीवरून. आजही आपण ही त्रिविभागणी नैसर्गिक असल्यासारखी नकाशावर रंगवून घेतो आणि परीक्षेत तिला गुण देतो.

हबसाण हे नाव लयाला गेले, परंतु त्यामागील सवय टिकून आहे. मराठी इतिहासलेखकांनी कान्होजी आंग्र्यांना चाचा ठरविणाऱ्या इंग्रजी लेखनाचा समाचार घेतला, आणि तो योग्यच होता. दस्तक देऊन कर घेणारी सत्ता ही चाचेगिरी नसून सागरी सार्वभौमत्व आहे, हा युक्तिवाद बळकट आहे. मात्र तेच लेखक सिद्दींच्या आरमाराविषयी लिहू लागले की चाचा, लुटारू, परका हे शब्द सहज येतात. पोर्तुगिजांचा परवाना, आंग्र्यांचे दस्तक आणि सिद्दींची वसुली यांना एकच कसोटी लावून तुलना करणारा अभ्यास मराठीत व्हावयास हवा.

याहून अधिक खटकते ते कोळ्यांचे स्थान. जंजिऱ्याच्या प्रत्येक वृत्तांताचा आरंभ राम पाटील या कोळी प्रमुखाने बांधलेल्या मेढेकोटाने होतो. व्यापाऱ्याच्या वेषात आलेल्या पिरमखानाने मद्याच्या पिंपांतून माणसे आणून तो कसा बळकावला, ही कथा रंगवून सांगितली जाते. आणि त्या परिच्छेदानंतर कोळी इतिहासातून उठून जातात. पुढे एकदा, पद्मदुर्गाच्या लाय पाटलाने जंजिऱ्याला शिड्या लावण्याचे धाडस केल्याच्या पारंपरिक हकिकतीत, ते क्षणभर परततात. मधल्या काळात व नंतरच्या तीन शतकांत या बेटांना लाकूडफाटा, मासळी, माणसे व बातम्या कोणी पोहोचविल्या, हा प्रश्न विचारला जात नाही.

हाऊओफा यांच्या बाजूने येथे एक गोष्ट सांगता येते. पॅसिफिकमधील नाविकांचे ज्ञान हे अडाणी योगायोग समजले जात असे. डेव्हिड लुईस यांनी पारंपरिक नाविकांसोबत प्रवास करून १९७२ मध्ये त्याविषयीचा ग्रंथ प्रसिद्ध केला, आणि १९७६ मध्ये माउ पिआइलुग या मायक्रोनेशियन नाविकाने ‘होकुलेआ’ ही जोडनौका उपकरणांविना हवाईहून ताहितीला नेली. त्यानंतर हा समज ढासळला. आपल्याकडे तिथीची पाऊणपट केली की भरतीची घटका कळते, म्हणजे चतुर्थीला तीनच्या सुमारास भरती, हा हिशेब किनाऱ्यावरचे निरक्षर माणूसही करते. उधाण आणि भांग यांतील भेद त्याला पंचांगाविना कळतो. पाठ्यपुस्तकांतील ‘मतलई वारे’ हा पारिभाषिक शब्ददेखील किनाऱ्याच्या बोलीतूनच वर आलेला दिसतो. शब्द घेतला, पण ज्यांचा तो होता त्यांची विद्या मात्र ‘लोकसमजुती’ या सदरात टाकली.

वारसा आणि वस्ती

हा प्रश्न केवळ ग्रंथांपुरता असता तर त्याचे एवढे महत्त्व नव्हते. जिल्ह्यातील दोन बेटे आज जागतिक वारसा यादीत आहेत. घारापुरीच्या लेण्यांचा समावेश १९८७ मध्ये झाला, आणि २०२५ मध्ये मराठा लष्करी स्थापत्याच्या बारा किल्ल्यांच्या मालिकेत रायगडासह खांदेरीचा समावेश झाला. ही अभिमानाची गोष्ट आहेच. पण घारापुरीच्या राजबंदर, शेतबंदर व मोराबंदर या वस्त्यांना समुद्रतळातील वाहिनीद्वारे कायमची वीज मिळाली ती फेब्रुवारी २०१८ मध्ये. तोपर्यंत संध्याकाळचे काही तास जनित्र चाले. मुंबईचे दिवे समोर दिसत असताना तीन गावे अंधारात राहिली, आणि मधली एकतीस वर्षे त्या बेटाचे नाव जगाच्या यादीत होते. यादीत नाव लेण्यांचे होते, बेटाचे नव्हते. जंजिऱ्याचा शब्दार्थ बदलला तसेच हे घडले : आतली वस्तू राहिली, बेट गळाले.

खांदेरीविषयी म्हणूनच सावध राहिले पाहिजे. या बेटावर १८६७ पासून दीपगृह आहे, १९९८ पासून त्याला कान्होजी आंग्रे यांचे नाव आहे, आणि त्याच बेटावर कोळ्यांचा वेताळ आहे. ज्याला जहाजे ओळखतात तो दिवा, ज्याला शासन ओळखते ते नाव आणि ज्याला होडीवाले ओळखतात तो देव, असे तीन थर एका छोट्या भूमीवर आहेत. जतनाच्या आराखड्यात तटबंदीचा थर तेवढा टिकला आणि वेताळाला जाणाऱ्या होड्यांची वाट नियमांत अडकली, तर ते संवर्धन अपुरे ठरेल.

बेटाचे बेटपण जाण्याचा आणखी एक मार्ग आहे, तो भरावाचा. १९८९ मध्ये कार्यान्वित झालेल्या न्हावा-शेवा बंदरासाठी शेव्याच्या कोळीवाड्याला आपली जागा सोडावी लागली, आणि त्या पुनर्वसनाचे गाऱ्हाणे दशकानुदशके चालू राहिले. पॅसिफिकमधील बनाबा बेटाची कथा येथे आठवते. १९०० पासून तेथील फॉस्फेटचे खाणकाम सुरू झाले. १९४५ मध्ये बनाबांना दोन हजार किलोमीटरांहून दूर, फिजीतील राबी बेटावर नेऊन वसविण्यात आले. १९७९ मध्ये खाण संपली तेव्हा बेटाची बहुतेक माती गेलेली होती. दोन्ही घटनांचे प्रमाण निरनिराळे आहे, हे मान्य. पण किनाऱ्यावरील माणसाला दुसरीकडे जमीन दिली की हिशेब पुरा झाला, ही समजूत दोन्हीकडे एकच आहे. दर्या मोबदल्यात देता येत नाही.

मनीऑर्डर आणि मिराब

हाऊओफा ज्या सिद्धांताशी भांडत होते, त्याचे नाव ‘मिराब’. स्थलांतर, घरी पाठविलेला पैसा, परदेशी मदत व नोकरशाही या चार इंग्रजी शब्दांच्या आद्याक्षरांवरून बर्ट्राम व वॉटर्स यांनी १९८५ मध्ये ही संज्ञा रूढ केली. पॅसिफिक राष्ट्रे यावरच जगतात, असे तिचे सार. कोकणच्या वाचकाला हे ऐकून परकेपणा वाटणार नाही. आपल्याकडे याच गोष्टीला ‘मनीऑर्डरवर जगणारे कोकण’ असे म्हणत आलो आहोत, आणि त्या म्हणण्यातही एक दयाबुद्धी असते. हाऊओफा म्हणतात, हा पैसा दान नव्हे. घर लांबवर पसरले आहे, एवढाच त्याचा अर्थ. माणसे पाठवितात आणि घेतातही. मुंबईच्या गिरणीतील चाकरमानी गणपतीला गावी येताना पैसा आणी आणि परतताना तांदूळ, सुकी मासळी, आमसुले नेई. त्याची मुले गावी आजीकडे वाढत. श्रीवर्धन-म्हसळ्याकडील घरे आखातापर्यंत पसरली आहेत, आणि कोकणी मुसलमानांची वस्ती दक्षिण आफ्रिकेत केपटाऊनपर्यंत आहे. नवगावच्या किनाऱ्याशी आपली उत्पत्तिकथा जोडणारे बेने इस्रायली, म्हणजे एके काळचे शनवार तेली, आज बहुसंख्येने इस्राएलमध्ये आहेत व त्यांच्यातील कित्येक मराठी विसरलेले नाहीत. चौलला दहाव्या शतकात अल् मसूदी आला, १४६९ मध्ये रशियन व्यापारी निकितिन उतरला. कोर्लईच्या वाडीत पोर्तुगीज मिश्रित बोली अजून कानी पडते. अशा किनाऱ्याला ‘मागास व परावलंबी’ म्हणताना मोजपट्टी तपासावी लागेल.

मांडणीच्या मर्यादा

येथवर हाऊओफा यांचे बोट धरून आलो. परंतु त्यांचे सर्वच स्वीकारणे शक्य नाही. त्यांच्या निबंधावर सुव्यातील सहकाऱ्यांनीच प्रतिक्रिया लिहिल्या व त्यांतील काहींना तो स्वप्नाळू वाटला. त्या आक्षेपात तथ्य आहे. समुद्र जोडतो, हे खरे. पण कोणाला कोणत्या अटीवर जोडतो? जंजिऱ्याच्या राज्यकर्त्यांचे पूर्वज ज्या हिंदी महासागरी मार्गांनी पूर्व आफ्रिकेतून येथे आले, त्याच मार्गांनी गुलामांची ने-आण होत असे. पॅसिफिकमध्येही १८६३ ते १९०४ या काळात सुमारे ६२ हजार बेटवासीयांना क्वीन्सलंडच्या उसाच्या मळ्यांत, अनेकदा फसवून किंवा पळवून, नेण्यात आले. हा प्रवास देखील ‘बेटांच्या समुद्रा’तलाच आहे आणि हाऊओफा यांच्या मांडणीत त्याला मध्यवर्ती स्थान नाही. जहाजाच्या तक्तपोशीवरून दिसणारा समुद्र आणि तळघरातून न दिसणारा समुद्र एकच मानता येत नाही.

दुसरी मर्यादा भूगोलाची. पॅसिफिकमधील बेटे शेकडो मैल अंतरावर आहेत. आपली बेटे किनाऱ्याच्या हाकेवर. ओहोटीला कुलाबा किल्ल्यात चालत जाता येते, म्हणजे तो दिवसातून दोनदा बेट असतो व दोनदा नसतो. अशा ठिकाणी जमीन आणि समुद्र यांतील रेषा हीच अभ्यासाचा विषय असावयास हवी. ती रेषा येथे माणसांनी घडविली आहे. पेण-अलिबागच्या खारेपाटात बांध घालून समुद्राकडून शेत घेतले गेले. बांधाची निगा सामायिकपणे राखण्याची शिलोत्री पद्धत होती. बांधाला खांड गेली की खारे पाणी पुन्हा आत येई व काही वर्षे भात होत नसे. ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ याच किनाऱ्यावर धडकले. किरिबाटीने २०१४ मध्ये, समुद्रपातळीच्या भीतीने, फिजीमध्ये जमीन विकत घेतली. खारेपाटातील शेतकऱ्याचा प्रश्न त्याच जातीचा आहे, फक्त त्याला राष्ट्रध्वज नाही.

राजपुरी व घारापुरी या दोन्ही नावांतील ‘पुरी’ विषयी येथे थोडे अवांतर. इ. स. ६३४ च्या ऐहोळे शिलालेखात दुसऱ्या पुलकेशीने नौकांनिशी जिंकलेल्या पश्चिम समुद्रावरील पुरी नगरीचा उल्लेख आहे, आणि ती घारापुरी की राजपुरी, यावर विद्वानांचा वाद जुना आहे. दोन्ही स्थळे आज एकाच जिल्ह्यात आहेत. पण घारापुरीचे वर्णन जुन्या गॅझेटिअरच्या ठाणे खंडात आणि राजपुरीचे कुलाबा-जंजिरा खंडात असल्याने, दोहोंकडे एकत्र पाहण्याची सवयच अभ्यासकांना लागली नाही. जिल्ह्याच्या सीमा बदलल्या, १९८१ मध्ये नावही बदलले. संदर्भसूची मात्र अजून त्या जुन्या खंडांप्रमाणेच विभागलेली राहते.

किनाऱ्यावरील महाविद्यालयांना याबाबतीत काही करता येण्याजोगे आहे, आणि त्यास मोठ्या अनुदानाची गरज नाही. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत जंजिऱ्यात काही कुटुंबे राहत होती. त्यांतील वृद्ध आज राजपुरी-मुरूडमध्ये भेटतील. पाणी कोठून येई, लग्नाचे वऱ्हाड कोणत्या होडीतून जाई, आजारी माणसाला पावसाळ्यात कसे आणीत, मुले शाळेला कशी जात, हे त्यांना विचारता येईल. इतिहास व भूगोल या दोन विभागांनी ते एकत्र विचारावे आणि भरतीची वेळ पाहून जावे.